यंत्राचं दार रक्तानं उघडू नका : पेठेतल्या तालमीच्या कार्यकर्त्यांना खुलं पत्र

पोरांनो,

गणपतीच्या देखाव्याची संहिता मिळाली. "बाई, श्रीयंत्र तेवढं बरोबर आहे का बघा," एवढंच तुम्ही विचारलं होतं. यंत्रात चुका आहेत, त्या पुढे सांगते. पण संहितेत त्याहून मोठी गोष्ट खटकली आणि ती तालमीच्या खोलीत बसून बोलण्यापेक्षा सगळ्यांसमोर लिहावी असं वाटलं. देवाचं एखादं चिन्ह, त्यातून भूतकाळात जायची वाट आणि ती उघडणारा कुठल्यातरी घराण्याचा शेवटचा वारस, हा साचा हल्ली रील्सपासून गणपतीच्या देखाव्यांपर्यंत सगळीकडे दिसतो. यंदा तुमच्या गल्लीत आहे, पुढच्या वर्षी चार गल्ल्यांत असेल.

आधी चांगलं सांगते. तुम्ही रचलेलं पंचनदपूर मला मनापासून आवडलं. पाच नद्यांचं नगर, त्यातल्या चार डोळ्यांना दिसतात आणि न दिसणारी पाचवी म्हणजे काळ. आपल्या कोल्हापूरच्या पंचगंगेच्या पाच नद्या, कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती आणि गुप्त सरस्वती, हे आपण शाळेत घोकलं, प्रयाग चिखलीला जाऊन संगमही बघितला, पण त्या गुप्त नदीचं काय करायचं हे कुणाला सुचलं नव्हतं. तुम्हाला सुचलं. नगराच्या मधोमध श्रीयंत्र आणि त्यातून पाचव्या नदीत उतरायचं, इथपर्यंत वाचताना मी खुर्चीत पुढे सरकून बसले होते.

मग पान उलटलं. नायकानं अंगठा कापला आणि यंत्राच्या मधोमधच्या बिंदूवर रक्ताचा थेंब सोडला. यंत्र उजळलं, कारण हा मूळ राजवंशाचा अखेरचा अंकुर आणि यंत्र फक्त त्याच रक्ताला ओळखतं. बाकी नगर, म्हणजे तेली, कुंभार, कोळी, नदीकाठची सगळी माणसं, बाजूला हात जोडून उभी.

हे कोल्हापूर आहे रे. इथं जन्म बघून दार उघडायची गोष्ट रंगवायची आणि तिसऱ्या प्रवेशात शाहू महाराजांना दाखवून टाळ्या घ्यायच्या, हे एका मांडवाखाली कसं बसवणार? जग तुमचं आहे, कल्पित आहे, नियम तुम्हीच करणार. म्हणून तर नियमाबद्दल भांडते आहे. यंत्र कोणासाठी उघडतं यावर गोष्ट उभी करू नका, ते केव्हा उघडतं यावर करा. पवित्र चिन्हाला वेळ असते. मुहूर्त असतो, तिथी असते, नेम असतो. ज्याला कधीही हात लावला की चालतं ते चिन्ह दिव्याच्या बटणासारखं होतं, मग त्यावर कितीही कुंकू वाहा.

आणि वेळेवर उघडणारं दार आपल्या गावात आहेच. अंबाबाईची मूर्ती पश्चिमाभिमुख. ९, १० आणि ११ नोव्हेंबरला, आणि पुन्हा ३१ जानेवारी, १ व २ फेब्रुवारीला, मावळतीची किरणं महाद्वारातून आत शिरतात, गरुड मंडप ओलांडतात, कासव चौक, पितळी उंबरा असं करत गाभाऱ्यात पोहोचतात. पहिल्या दिवशी चरणांवर, दुसऱ्या दिवशी छातीपर्यंत, तिसऱ्या दिवशी मुखावर. किरणोत्सवाला तुम्ही सगळे गर्दीत उभे राहिला असाल. पण वर्षातून दोनदा का, आणि या दोनच वेळा का, असं कधी विचारलंत?

सूर्य रोज एका जागी मावळत नाही. मार्चच्या आणि सप्टेंबरच्या एकेका दिवशी तो बरोबर पश्चिमेला टेकतो. सप्टेंबरनंतर दक्षिणेकडे सरकत जातो, २१-२२ डिसेंबरला त्याचं दक्षिणेचं टोक येतं आणि तिथून तो माघारी फिरतो. म्हणजे क्षितिजावरच्या प्रत्येक मधल्या जागेवरून तो दोनदा जातो, एकदा जाताना आणि एकदा परतताना. आपल्या देवळाची रेषा अशाच एका जागेवर रोखलेली आहे, नेमक्या पश्चिमेच्या साधारण १८ अंश दक्षिणेला. जाताना तो तिथं १० नोव्हेंबरच्या आसपास असतो, येताना १ फेब्रुवारीच्या आसपास. मधे ८३ दिवस. डिसेंबरच्या टोकापासून दोन्ही तारखा सारख्याच लांब.

आता हे तुमच्या पंचनदपुरात नेऊन बघा. नोव्हेंबरातल्या तीन संध्याकाळी यंत्र जायला उघडतं आणि जानेवारी-फेब्रुवारीतल्या तीन संध्याकाळी परतायला. गेलेल्या माणसाजवळ ८३ दिवस. चुकला, तर सूर्य पुन्हा त्या जागी येईपर्यंत अडकला, आणि तेव्हा येणारं दार जायचं असतं, यायचं नव्हे. किरणं तीन दिवसांत पायापासून मुखापर्यंत चढतात, तर पहिल्या दिवशी जाणारा जवळच्या काळात उतरेल, तिसऱ्या दिवशी जाणारा फार लांबच्या. रक्त नको, वारस नको. कोळ्याची पोरगी वेळेवर हजर राहिली तर ती जाईल, आणि राजपुत्र जेवणावळीत रमला तर राहील.

संहितेत दार कार्तिक पौर्णिमेला उघडतं असं लिहिलंय. अंबाबाईच्या किरणांचा तिथीशी संबंध नाही, तो सूर्याचा हिशोब आहे. म्हणून तर इंग्रजी तारखा पक्क्या राहतात आणि तिथी दर वर्षी वेगळी येते. पौर्णिमा हवीच असेल तर खिद्रापूरला जा. कोपेश्वराच्या स्वर्गमंडपाला छत मधोमध गोल उघडं ठेवलंय आणि त्रिपुरी पौर्णिमेच्या मध्यरात्री चंद्र त्या झरोक्यावर येतो. कारण तेच, उलटं. पौर्णिमेला चंद्र सूर्याच्या समोर असतो. त्या दिवसांत सूर्य साधारण पंधरा ते बावीस अंश दक्षिणेला, म्हणून चंद्र जवळपास तितकाच उत्तरेला, आणि आपला जिल्हा विषुववृत्ताच्या साडेसोळा-सतरा अंश उत्तरेला. चंद्र डोक्यावर येणारच. त्याची वाट सूर्याच्या वाटेपासून पाच अंश इकडेतिकडे होते, त्यामुळे दर वर्षी अगदी नेमका बसेल असं नाही. ते तुमच्या गोष्टीला उलट बरंच आहे. सूर्याचं दार ठरलेलं, चंद्राचं दार लहरी. हा सगळा मजकूर मांडवात सांगायला जाऊ नका, प्रेक्षक पावसात उभे असतात. पण लिहिणाऱ्याला माहीत असावा.

आता यंत्र.

तुमच्या चित्रात बाहेरच्या वर्तुळाला बारा पाकळ्या आहेत. सोळा पाहिजेत. आतल्या आठ बरोबर आहेत. त्याच्या आत नऊ मोठे त्रिकोण, पाच शक्तीचे आणि चार शिवाचे. ते एकमेकांना छेदतात आणि ४३ लहान त्रिकोण पडतात, बाहेरून १४, १०, १०, ८ आणि मधला एक. कॉम्प्युटरवर कुणीतरी नऊ त्रिकोण एकमेकांवर ठेवलेत आणि जिथं तीन रेषा एका ठिपक्यात मिळायला हव्यात तिथं बारीक बारीक फटी राहिल्यात. त्या तिहेरी जागांना मर्म म्हणतात. दोन रेषा मिळतात त्या संधी. एक त्रिकोण केसभर हलवला की दुसरीकडचं मर्म सुटतं. आयुष्यभर मुलांना भूमिती आणि चित्रकला शिकवली, पण पट्टी-कंपास घेऊन काढायला याहून अवघड आकृती माझ्या हाताला लागलेली नाही. बाजारातली अर्धी छापील यंत्रंसुद्धा चुकलेली असतात.

याचा गोष्टीत उपयोग करा. ज्या कारागिराचं मर्म चुकलं, त्याचा प्रवासी चुकीच्या सालात पडला. पंचनदपुरात यंत्र काढणाऱ्याला राजापेक्षा मान असला पाहिजे.

आणखी एक. यंत्राला आत जायची नऊ आवरणं आहेत, भूपुराच्या, म्हणजे बाहेरच्या चौकटीच्या, चार दारांपासून बिंदूपर्यंत. बाहेरून बिंदूकडे जाण्याला संहारक्रम म्हणतात, बिंदूतून बाहेर येण्याला सृष्टिक्रम. जायची आणि यायची वाट आयती मिळाली. अगदी मधल्या त्रिकोणाच्या तीन बाजूंवर पाच-पाच नित्यांची, म्हणजे तिथींच्या देवींची, पूजा होते, एका पक्षाच्या पंधरा तिथी, आणि सोळावी बिंदूत. म्हणजे काळ या आकृतीत तुम्ही बाहेरून घालत नाही, तो तिथं पहिल्यापासून बसलेला आहे. तुमच्या संहितेत मात्र नायक पळत येतो आणि थेट मधोमध उडी मारतो. नऊ पावलं चालवा त्याला. प्रत्येक आवरणापाशी काहीतरी मागे ठेवायला लावा: चप्पल, नाव, घरची भाषा, जे सुचेल ते. रंगमंचावर ते दिसायलाही चांगलं दिसेल.

उडी मारतो म्हणजे कशावर? जमिनीवर टाकलेल्या फ्लेक्सवर. हे नको. देवळातही श्रीयंत्र भिंतीवर कोरलेलं आहे. भावना दुखावतील म्हणून पोलीस चौकीत जावं लागेल, ही भीती एक वेळ बाजूला ठेवा. पण मिरवणुकीच्या दुसऱ्या दिवशी तो फ्लेक्स गटारीत पडलेला मला बघायचा नाही. यंत्र उभं ठेवा, किंवा मेरू करा, डोंगरासारखं उंचावत जाणारं. उद्यमनगरात लेथ चालवणारे निम्मे लोक आपल्याच गल्लीतले आहेत. पितळ परवडणार नाही, लाकूड परवडेल. ज्या गावात बाबूराव पेंटरांनी स्वतःच्या हातानं सिनेमाचा कॅमेरा घडवला, तिथं काळाचं यंत्र भाड्याच्या एलईडीवर दाखवायचं म्हणजे अवघड आहे.

आणि खरा मंत्र स्पीकरवर लावू नका. पंचदशी, म्हणजे श्रीयंत्राच्या देवीचा पंधरा अक्षरांचा मंत्र, ज्यांना मिळते त्यांना ती गुरूकडून मिळते. पंचनदपूर तुमचं आहे, त्याचे मंत्रही तुम्ही रचा. इथं तुमच्यातला कुणीतरी म्हणेल, बाई, एकीकडे जन्म बघू नका म्हणता आणि दुसरीकडे मंत्र झाकून ठेवायला सांगता. बरोबर विचारलंस. शिकून मिळतं ते आणि जन्मून मिळतं ते, यात मी फरक करते. शिकायला कुणालाही बसता आलं पाहिजे. हा वाद आपल्या नदीच्या घाटावर एकदा झालेला आहे, आणि तुमच्या तिसऱ्या प्रवेशात तो आहेसुद्धा.

त्या प्रवेशासाठीच हे पत्र एवढं लांबलं. १८९९ साल. पहाटेची वेळ, महाराज पंचगंगेवर स्नानाला आलेले. पुरोहित मंत्र म्हणतोय, पण ते वेदोक्त, म्हणजे वेदांतले, नव्हेत, पुराणोक्त, म्हणजे पुराणांतले आहेत, हे बरोबर असलेल्या संस्कृत पंडित राजारामशास्त्री भागवतांनी लक्षात आणून दिलं. महाराजांनी विचारल्यावर उत्तर आलं की शूद्रांना पुराणोक्तच सांगायचे असतात. छत्रपतींना. तुमचा नायक काय करतो? झाडामागून बाहेर येतो, भटजीला चार शब्द सुनावतो, भटजी पाया पडतो, वेदोक्त मंत्र सुरू होतात, वरून फुलं. टाळ्या पडतील, शंभर टक्के.

आता परतीच्या दाराकडे या. घाटावर काही घडलंच नाही. राजोपाध्यांची, म्हणजे राजघराण्याच्या पुरोहितांची, वतनं जप्त झाली नाहीत, वेदोक्ताचा वाद महाराष्ट्रभर पेटला नाही. मग २६ जुलै १९०२ ला करवीर गॅझेटात काय छापलं जाईल? मागासलेल्या वर्गांसाठी नोकरीत ५० टक्के जागा, हा हुकूम तसाच निघेल? १९१७ चा मोफत आणि सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचा? १९२० मध्ये क्षात्रजगद्गुरू, म्हणजे मराठ्यांचा स्वतःचा धर्मगुरू, नेमायची वेळ येईल? कुठलाही जाणकार सगळं श्रेय त्या एका पहाटेला देणार नाही. १८९४ ला गादीवर आल्यापासून महाराज दरबारातल्या नेमणुका बघत होते, दुष्काळ आणि प्लेग त्यांनी जवळून पाहिला होता, ते कदाचित त्याच जागी वेगळ्या वाटेनं पोहोचलेही असते. पण 'कदाचित'. तुमच्या नायकानं अपमान पुसला आणि त्याबरोबर आणखी काय पुसलं, हे त्याला परत आल्यावर कळायला हवं. दसरा चौकात येऊन उभा राहू दे त्याला. जिथं बोर्डिंगच्या इमारती असायला हव्यात, तिथं मोकळं मैदान. गावाकडून शिकायला आलेली मुलं नाहीत. त्याच्या गल्लीतलं, पहिल्यांदा शाळेत गेलेल्या माणसाचं घर नाही. मी तर म्हणते, त्याच घरातला तो स्वतः आहे असं करा.

दुसराही मार्ग आहे, आणि मला तो जास्त पटतो. पंचनदपूरचा नियमच असा ठेवा की प्रवाशाला बघता येतं, बोलता येत नाही. भाषा आवरणापाशी ठेवून आलाय ना तो? मग आपल्या राजवंशाच्या रक्ताचा गर्व असलेला तुमचा हा वारस, बोलू न शकणारा, पायरीवर उभा आहे आणि समोर एका राजाला जन्मावरून सांगितलं जातंय की तुझ्यासाठी हे मंत्र नाहीत. तिथं एक मिनिट काहीही करू नका. पार्श्वसंगीतसुद्धा नको. ते बघून परतलेला माणूस अंगठा कापायची भाषा पुन्हा करणार नाही, आणि हे निवेदकाला सांगावंही लागणार नाही.

पहिल्या प्रवेशाबद्दल थोडक्यात. सातवाहनांच्या काळात ब्रह्मपुरीवर परकीय सैन्य चालून येतं असं तुम्ही दाखवलंय. ब्रह्मपुरीच्या टेकडीत जे सापडलं ते व्यापाराचं होतं. १९४५-४६ ला सांकलिया आणि दीक्षितांनी तिथं उत्खनन केलं. त्या टेकडीतल्या काशाच्या वस्तूंमध्ये समुद्रदेव पोसायडनची एक छोटी मूर्ती आहे, रोमन जगातून इथवर आलेली. टाऊन हॉलच्या संग्रहालयात जाऊन बघा, फार वेळ लागत नाही. कुणाचा तरी देव समुद्र ओलांडून पंचगंगेच्या काठी आला आणि इथं कुणीतरी तो जपून ठेवला. तलवारी काढायची गरज नाही, बाजार दाखवा. भाड्यानं आणायच्या ढाली वाचतील.

परत येण्याची किंमत मात्र नीट दाखवा. पुराणातला ककुद्मी राजा मुलीला, रेवतीला, घेऊन ब्रह्मदेवाकडे गेला, तिला कुठला नवरा बघावा हे विचारायला. तिथं गाणं चाललं होतं, ते संपेपर्यंत थांबला. खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली होती आणि तिच्यासाठी मनात योजलेले सगळे वर नातवंडा-पतवंडांसकट गेलेले. मग रेवती बलरामाला दिली. गाणं ऐकत थांबण्याएवढ्या साध्या गोष्टीची ही किंमत. तुमचा नायक तीन युगं फिरून येतो आणि आई म्हणते, "चहा घेतोस का?" विनोद म्हणून ठीक आहे, पण ८३ दिवस पोरगा बेपत्ता असलेली आई चहा विचारणार नाही.

शेवटच्या प्रवेशासाठी माझ्याकडे एक सूचना आहे आणि ती तुम्हाला गोत्यात आणणारी आहे. किरणोत्सवात दर वर्षी काय होतं? कधी ढग, कधी धुरकट हवा, आणि कधी वाटेत आलेली बांधकामं. किरणांच्या वाटेतले अडथळे हटवायची मागणी मी कित्येक वर्षं पेपरात वाचते आहे. तर असं करा. तिसरी संध्याकाळ आहे, सगळे प्रवासी पलीकडच्या काठावर उभे आहेत, अलीकडे घरची माणसं. सूर्य जागेवर आला. यंत्र उजळत नाही. राजा ओरडतो, पुजारी मंत्र वाढवतात, वारस रक्त सांडतो, काही होत नाही. तेव्हा ती कोळ्याची पोरगी मागे वळून पश्चिमेला बघते. नगरशेठच्या माडीवर पाण्याची नवी टाकी बसलेली आहे आणि तिची सावली बरोबर दारावर. सूर्य टेकायला थोडी मिनिटं उरलीत आणि टाकी पाण्यानं भरलेली. पुढे काय करायचं ते तुम्ही लिहा. आपल्या पेठेतली पोरं असल्या वेळी काय करतात ते तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक.

तुमच्या सगळ्यात मोठ्या वर्गणीदाराला हा प्रवेश आवडणार नाही. त्यांची समजूत कोण काढणार ते बैठकीत ठरवा, मला त्यात घेऊ नका. यंत्र मी काढून देते, सोळा पाकळ्यांचं, मर्मं जुळवून. तीन फुटी कागद लागेल आणि मोठा कंपास. माझ्याकडचा आता ढिला झालाय. लेथवाल्याला कागदावरून मापं घेता येतील का ते आधी विचारा आणि मगच लाकूड आणा. संहिता दुरुस्त करून पुन्हा पाठवा, यावेळी पानांना क्रमांक घालून.

तुमची,
पेठेतली निवृत्त चित्रकला शिक्षिका